‘दुर्बीण मागाहून फोटो काढायला आली’: एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार.

सुपरनोव्हा 1987 ए, म्हणजे 1987 मध्ये दिसलेल्या ताऱ्याच्या स्फोटावरच्या माझ्या लेखाखालची आपली प्रतिक्रिया वाचली. मतभेदाचं मला वावडं नाही. पण ‘नासाची पत्रकं मराठीत उतरवून विज्ञानलेखक म्हणून मिरवणारे हौशी लोक’ ही भाषा कशासाठी? तालुक्याच्या कॉलेजात पदार्थविज्ञान शिकवण्यात माझी उमेदीची वर्षं गेली. सोडियमच्या दिव्याच्या दोन पिवळ्या रेषा शेवटच्या बाकावरच्या मुलालाही वेगळ्या दिसेपर्यंत स्पेक्ट्रोमीटरचा स्क्रू फिरवत मी अंधारात उभा राहिलो आहे. वर्णपट, म्हणजे रंगांत फोडलेला प्रकाश, काय असतो, हे मला पत्रकातून कळलेलं नाही. हे सांगायची वेळ यावी, याचं वाईट वाटतं.

आता तुमचं ते वाक्य: ‘स्फोट चिलीतून नुसत्या डोळ्यांनी दिसला, न्यूट्रिनो जपानच्या खाणीत सापडले, अवकाशातली दुर्बीण मागाहून फोटो काढायला आली.’ पहिले दोन भाग खरे आहेत (न्यूट्रिनो म्हणजे ताऱ्याच्या गाभ्यातून सुटणारे, सहजी कशात न अडणारे सूक्ष्म कण), आणि ते माझ्या लेखातही होते. तिसरा साफ चूक आहे.

हबल ही अवकाश दुर्बीण 1990 मध्ये गेली, म्हणजे त्याआधी वर काहीच नव्हतं असं तुम्ही धरून चाललात. आययूई ही अतिनील दुर्बीण 1978 पासून कक्षेत होती आणि बातमी आल्यावर काही तासांतच ती तिकडे वळवली गेली. अतिनील किरण ओझोनमध्ये अडतात, जमिनीवर कितीही मोठा आरसा बसवला तरी ते मिळत नाहीत. मेला तो तारा नेमका कोणता, यावर तेव्हा घोळ होता. स्फोटाची अतिनील झळाळी ओसरल्यावर आययूईला त्या जागी दोन शेजारी तारे उरलेले दिसले. सँड्युलिक -69 202 हा निळा महातारा मात्र नाहीसा झाला होता. तोवर सगळ्यांची अपेक्षा लाल महाताऱ्याची होती! पुढे काही महिन्यांतच आययूईला वर्णपटात नायट्रोजनच्या बारीक रेषा मिळाल्या. ताऱ्याने हजारो वर्षांपूर्वी टाकलेला वायू स्फोटाच्या प्रकाशाने उजळत होता. तेच ते स्फोटाभोवतीचं वायूचं कडं, ज्याचा हबलने पुढे फोटो काढला. याला मागाहून येणं म्हणत असाल तर माझा इलाज नाही.

आणि कोबाल्ट-56, स्फोटात आत खोलवर तयार होणारं कोबाल्टचं किरणोत्सारी रूप. सूर्याच्या अभ्यासासाठी सोडलेल्या सोलर मॅक्सिमम मिशन या उपग्रहाला ऑगस्ट 1987 पासून त्याचे गॅमा किरण मिळू लागले, अंदाजापेक्षा कितीतरी आधी. अर्थ असा की गाभ्यातला माल ढवळून वरच्या थरांपर्यंत आला होता. उंच सोडलेल्या फुग्यांनीही नंतर ते टिपले, पण फुगासुद्धा हवेच्या बहुतेक थराच्या वर न्यावाच लागतो. स्फोटात मागे न्यूट्रॉन तारा, म्हणजे गाभा दबून झालेला अतिघन गोळा, उरला का, हा प्रश्न तर तीन दशकांहून जास्त लोंबकळत होता. जेम्स वेब या अवकाश दुर्बिणीला ढिगाऱ्याच्या मधोमध आयनीभूत (इलेक्ट्रॉन गमावलेला) आरगॉन दिसला, ज्याला मधोमध तीव्र किरणांचा उगम लागतो, तेव्हा 2024 मध्ये त्याचा भक्कम पुरावा पुढे आला.

माझा या ताऱ्याशी संबंध कालचा नाही. 1987 मध्ये मी कोल्हापुरात शिकत होतो. तिथून तो क्षितिजाच्या जेमतेम चार अंश वर येतो. फेब्रुवारी संपता संपता आम्ही मित्र संध्याकाळी पन्हाळ्यावर गेलो आणि दक्षिणेच्या धुरकटात काहीही न दिसता परतलो. तेव्हापासून त्याच्याबद्दल मिळेल ते वाचत आलो आहे. तेव्हा ‘अभ्यास करून लिहा’ हा सल्ला कुणाला देतो आहोत, याचा थोडा विचार करायला हवा होता.

चित्रांतले रंग मागाहून दिलेले असतात ही ओळ फोटोखाली असलेली बरी, हे मान्य, आज टाकतो. खर्चाचं तुणतुणं प्रत्येक लेखाखाली वाजतं, त्यात शिरत नाही.

तुमची प्रतिक्रिया मी काढलेली नाही, काढणारही नाही. ते गॅमा किरण जमिनीवरून कसे मिळाले असते, हे सांगता आलं तर जरूर लिहा, सविस्तर उत्तर देईन. ‘मिरवणारे’ वगैरे पुन्हा आलं तर मात्र देणार नाही.