शॉर्ट फिल्मला सेन्सॉर लागत नाही म्हणणारा मेसेज चुकीचा आहे

कोल्हापुरातल्या ग्रुपवर दोन दिवस एक मेसेज फिरतोय, "दहा मिनिटांच्या आतली फिल्म असली की सेन्सॉर सर्टिफिकेट लागत नाही, चौकात बिनधास्त दाखवा." असं काही नाही, कृपया पुढं पाठवू नका. १९५२ च्या सिनेमॅटोग्राफ कायद्यात मिनिटांची सूटच नाही, जाहीर दाखवायची तर दोन मिनिटांच्या फिल्मलाही सर्टिफिकेट लागतं.

यूट्यूबवर टाकायला लागत नाही हे खरंय, बहुतेक तिथनंच गोंधळ झालाय. फेस्टिवलला सूट मिळते पण ती केंद्राच्या माहिती-प्रसारण खात्याकडनं घ्यावी लागते.

आणि छोटी फिल्म कोण अडवतंय असं म्हणणाऱ्यांनी दिग्दर्शक ख्वाजा अहमद अब्बास यांची केस बघा. चार शहरांतली श्रीमंती आणि गरिबी समोरासमोर ठेवणारी त्यांची फिल्म फक्त १६ मिनिटांची, सेन्सॉर बोर्डानं 'यू' म्हणजे सगळ्या वयाच्यांना चालणारं सर्टिफिकेट द्यायला मुंबईच्या वेश्यावस्तीचे सीन कापायला सांगितले, अब्बास सुप्रीम कोर्टात गेले. केस चालू असतानाच सरकार न कापता 'यू' द्यायला तयार झालं, पण १९७० च्या निकालात कोर्टानं आधी सेन्सॉर करणं घटनेत बसतं असंच सांगितलं.

आमच्या गल्लीतल्या पोरांनी पंचगंगेच्या पुरावर सात मिनिटांची फिल्म केलीय, एकही डायलॉग नाही, भिंतीवरची पाण्याची रेघ आणि ती पुसत बसलेली एक आजी, बास. प्रशासनाला इतका थेट प्रश्न मी भाषणातसुद्धा ऐकला नाही. ती कागदावरनं अडायला नको, म्हणून अर्ज आत्ताच करा रे पोरांनो.