बेडेकरांच्या भरवशावर

व्हेनिसला आम्ही बेडेकरांच्या भरवशावर गेलो. नाही, तुमच्या मनात आले ते बेडेकर नव्हेत. हे कार्ल बेडेकर, जर्मनीतल्या कोब्लेन्झचे. प्रवासाची लाल कापडी बांधणीची पुस्तकं काढायचे. माणूस इतका काटेकोर, की मिलानच्या कॅथेड्रलच्या पायऱ्या मोजताना दर वीस पायऱ्यांना एक वाटाणा या खिशातून त्या खिशात टाकायचा, असं सांगतात. ते १८५९ साली वारले, पण मुलांनी धंदा पुढे चालवला. माझ्याकडची 'उत्तर इटली' १८९९ची.

"असा माणूस फसवायचा नाही," मी म्हणालो.

"फसवायला तो आहे कुठे?" बायको म्हणाली आणि मोबाइल चार्जिंगला लावला.

सॅन मार्कोच्या चौकात मी पुस्तक उघडलं. मनोऱ्यावर चढायला आत पायऱ्या नाहीत, सोपी चढण आहे, अशी माझी तयारी. समोर लिफ्टची रांग.

"हा तो मनोरा नव्हे," मी खुलासा केला. "तो १४ जुलै १९०२ला कोसळला. माणूस एकही दगावला नाही, रखवालदाराची मांजर तेवढी गेली म्हणतात. मग 'होता तसा, होता तिथे' म्हणून हा बांधला. १९१२ला खुला झाला."

"म्हणजे पडलेल्या मनोऱ्याची माहिती घेऊन आपण इथवर आलो?"

विषय बदलावा म्हणून मी नकाशा उलगडला. जुन्या पुस्तकातला नकाशा उलगडणं सोपं असतं. मिटणं हे एका जन्माचं काम नाही. कागद कांद्याच्या सालीसारखा. जिथे दोन घड्या एकमेकींना छेदतात तिथे भोक पडलेलं, आणि माझ्या नकाशातलं भोक नेमकं आम्ही उभे होतो तिथे. तेवढ्यात समुद्रावरून वारा आला. अर्धं व्हेनिस माझ्या तोंडावर, अर्धं शेजारच्या जपानी आजींच्या टोपीवर. आजींनी ते दोन्ही हातांनी, वाकून परत केलं. मी उभी घडी आधी घातली, मग आडवी. मग आडवी आधी. शेवटी पुस्तकाच्या बाहेर लोंबणारं टोक धरूनच पुढे निघालो. मोठ्या कालव्यावर नकाशात तीन पूल. आम्हाला लागला चौथा, २००८चा. गोंडोल्याचे दर लिरात. लिरा २००२ साली गेला, आणि आता अर्ध्या तासाचे नव्वद युरो! आम्ही काठावरून बघितला. तसाही छानच दिसतो.

हॉटेल मात्र मी हट्टाने पुस्तकातलं धरलं होतं. सव्वाशे वर्षांनंतर त्याच नावाने, त्याच गल्लीत उभं. "बघ," मी म्हणालो, "छापील शब्दाला किंमत असते." बायकोने पुस्तक मागून घेतलं. त्या हॉटेलच्या नावाशेजारी समासात पेन्सिलीने काहीतरी लिहिलेलं होतं. पुस्तकाच्या कुण्या जुन्या मालकाचं अक्षर, इंग्रजी, मुंगीएवढं. मला कधी लागलं नव्हतं. तिने चष्मा कपाळावर सरकवून लावलं.

"ढेकूण."

"अगं, शंभर वर्षांपूर्वीचं असेल ते."

पहाटे चारला दोघंही दिवा लावून बसलो होतो. बायकोने पर्समधून पेन्सिल काढून माझ्या हातात दिली. मी त्या ओळीखाली तारीख घातली आणि लिहिलं, "अजून आहेत."