परदेशातून : टोपी होम्सची, हसू हवालदाराचं

लातूरच्या आमच्या मित्रमंडळींत सध्या एका रीलवरून जुंपली आहे. इंग्रजी कथांमधला गुप्तहेर शेरलॉक होम्स, त्याचं विडंबन आहे: डोक्यावर ती टोपी, तोंडात पाइपऐवजी विडी आणि मोंढ्यातून गायब झालेलं सोयाबीनचं पोतं शोधायचंय. निम्मे म्हणतात, एवढ्या मोठ्या लेखकाची टिंगल कशाला? बाकीचे म्हणतात, हसा की जरा.

मी एडिनबरात राहतो. होम्सचा जनक आर्थर कॉनन डॉयल 1859 मध्ये याच शहरात जन्मला. इथल्या विद्यापीठाच्या क्रिकेट मैदानावर पॅव्हेलियन बांधायला पैसे हवे होते, तेव्हा 1896 मध्ये त्यानं विद्यार्थ्यांच्या नियतकालिकाला स्वतःच होम्सची थट्टा लिहून दिली. त्याच्याही आधी, 1892 मध्ये, रॉबर्ट बार या लेखकानं 'शेरलॉ कोम्ब्स' हे होम्सचं विडंबन छापलं होतं. त्यामुळे 'टिंगल नको' हा मुद्दा माझ्यापुरता निकालात निघाला.

पण 'हसा की' म्हणणाऱ्यांशीही माझं भांडण आहे. त्या रीलमधला गुप्तहेर छापील मराठीत बोलतो. "मला काय कळूलालंय सायेब" म्हणत डोकं खाजवणारा हवालदार तेवढा आपल्या बोलीत. म्हणजे टोपी होम्सची आणि फजिती लातूरच्या माणसाची. हे जुनंच आहे म्हणा. 1985 च्या 'करमचंद' या गुप्तहेर मालिकेत पंकज कपूर गाजर चावत हुशारी दाखवायचा आणि सहायक मुलीला "शट अप किटी" म्हणाला की आपण सगळे खिदळायचो. किटीनं काय घोडं मारलं होतं?

1988 चा 'विदाऊट अ क्ल्यू' हा होम्सवरचा विनोदी सिनेमा बघा. त्यात खरं डोकं होम्सच्या सोबत्याचं, डॉ. वॉटसनचं (बेन किंग्जली). होम्स म्हणजे त्यानं भाड्यानं आणलेला दारूबाज नट (मायकेल केन). हसू येतं ते रुबाब मारणाऱ्याचं. सोबत्याला डोकं दिलं म्हणून गंमत कुठेच कमी होत नाही.

तसं बघितलं तर पँटवरच्या चिखलावरून माणूस कुठून आला हे सांगणं ही होम्सची करामत. आपल्याकडे चपलेला काळी माती लागलीय की मुरूम, यावरून ते ओट्यावर बसलेली कुठलीही आजी सांगते, वर कुणाच्या घरी चहा पिऊन आलास तेही.

रील करणारी पोरं म्हणतील, व्ह्यूज बोलीमुळंच येतात. येतात ना! मग पुढच्या भागात पोतं हवालदाराला सापडू द्या, आणि टोपीवाल्याला मोंढ्यात वाट चुकवा.