मनिलाचं चर्च म्हणजेच स्पॅनिश सरकार? एका फॉरवर्डला उत्तर

फिलिपाईन्सच्या ख्रिस्तीकरणाविषयी एक लांबलचक मराठी मजकूर बरेच दिवस ग्रुपाग्रुपांतून फिरतो आहे. त्याचं म्हणणं थोडक्यात असं: मॅगेलनने 1521 मध्ये मनिला जिंकली आणि तिथे आशियातला पहिला महाधर्मप्रांत (आर्चबिशपच्या अखत्यारीतला प्रांत) उभारला. गोव्यासारखंच तिथेही इन्क्विझिशन (धर्मद्रोह्यांना शिक्षा करणारं चर्चचं न्यायासन) बसवून स्थानिकांना जाळलं. वसईच्या गोन्सालो गार्सियाला मनिलाच्या आर्चबिशपने जपान बाटवायला पाठवलं. चर्च आणि स्पॅनिश सरकार ही एकच यंत्रणा होती. पाद्र्यांनी लोकांच्या भाषा मारून स्पॅनिश लादली. आणि तीनशे वर्षांत एकाही स्थानिक माणसाला धर्मगुरू होऊ दिलं नाही. शेवटी ‘हे तुम्हाला शाळेत शिकवणार नाहीत’ हे ठरलेलं वाक्य.

स्पॅनिश राजवटीची वकिली करायचं मला कारण नाही. खंडणी होती, वेठबिगार होती, धर्मसंघांनी (फ्रान्सिस्कन, डॉमिनिकन वगैरे व्रतस्थांच्या संघटनांनी) बळकावलेल्या जमिनी होत्या. पण या मजकुरात खरे गुन्हे सुटले आहेत आणि न केलेले नोंदवले आहेत.

मॅगेलनचं आधी उरकून टाकू. तो मनिलाला पोचलाच नाही. 1521 च्या वसंतात तो सेबू बेटावर उतरला आणि 27 एप्रिलला शेजारच्या माक्तान बेटावर लापुलापूच्या लोकांकडून मारला गेला. त्यानंतर चव्वेचाळीस वर्षांनी, 1565 मध्ये, लेगास्पीची स्पॅनिश मोहीम मेक्सिकोहून सेबूला आली, आणि मनिला स्पॅनिशांच्या हाती लागली ती 1571 मध्ये. तेव्हा तिथे राजा सुलायमान हा मुसलमान राजा होता आणि त्याच्या घराण्याचे ब्रुनेईशी नातेसंबंध होते. मनिलाचा धर्मप्रांत 1579 चा. तो मेक्सिकोच्या आर्चबिशपच्या हाताखाली होता, म्हणजे वरिष्ठ कार्यालय प्रशांत महासागराच्या पलीकडे. महाधर्मप्रांताचा दर्जा 1595 मध्ये मिळाला. आशियातला पहिला म्हणावं, तर गोव्याला तो मान त्याच्या तीसहून अधिक वर्षं आधीच मिळाला होता. मराठी मजकूर लिहिणाऱ्याला निदान गोवा तरी आठवायला हवा होता.

वसईकरांना यातलं सगळ्यात खटकेल ते गोन्सालो गार्सियांबद्दलचं विधान. ते वसईत जन्मले, आई इथली आणि वडील पोर्तुगीज. येशूसंघीयांबरोबर (जेझुइटांबरोबर) जपानला गेले, तिथे जपानी भाषा शिकले, पुढे व्यापार केला आणि मग मनिलात फ्रान्सिस्कन संघात ब्रदर झाले. जपानचा सत्ताधीश हिदेयोशी तेव्हा ‘मनिलाने आपलं मांडलिकत्व पत्करावं’ अशा धमक्या देत होता. त्याला शांत करायला गव्हर्नर गोमेझ पेरेझ दासमारिन्यास याने 1593 मध्ये एक वकिलात पाठवली. तिचे प्रमुख पेद्रो बाउतिस्ता आणि दुभाषी गोन्सालो. पाठवणारा गव्हर्नर होता, आर्चबिशप नव्हे. आर्चबिशपला पाठवताही आलं नसतं, कारण तेव्हा महाधर्मप्रांतच अस्तित्वात नव्हता आणि बिशप दोमिंगो दे सालाझार 1591 मध्येच मनिला सोडून स्पेनला निघून गेले होते. पहिले आर्चबिशप इग्नासियो दे सांतिबान्येझ मनिलाला पोचले 1598 मध्ये. गोन्सालो आणि त्यांचे पंचवीस साथीदार 5 फेब्रुवारी 1597 रोजी नागासाकीत क्रुसावर मारले गेले होते. गोन्सालोंच्या हयातीत मनिलात आर्चबिशपचं पाऊलच पडलं नव्हतं.

उलट चर्चच्या आतूनच या वकिलातीला विरोध होता. पोपनी 1585 मध्ये जपान फक्त येशूसंघीयांसाठी राखून ठेवला होता. तिथले येशूसंघीय गोव्याच्या आणि मकावच्या पोर्तुगीज वाटेने आलेले, तर फ्रान्सिस्कन मनिलाच्या स्पॅनिश वाटेने. 1580 पासून दोन्ही देशांचा राजा एकच होता, तरी भांडण मिटलं नाही. वसईत गोन्सालोंच्या नावाने कॉलेज आहे आणि 1862 मध्ये त्यांना संतपद मिळालं, हे आपल्याकडे बऱ्याच जणांना माहीत असतं. त्यांच्या मृत्यूमागचं हे दोन वाटांचं राजकारण मात्र फारसं कुणी सांगत नाही.

इन्क्विझिशनचा मुद्दा तर सरळ गोव्यावरून उचलून मनिलावर चिकटवला आहे. गोव्यात 1560 पासून स्वतःचं न्यायासन होतं आणि त्याने इथल्या माणसांना छळलं, हे खरं आहे. मनिलात न्यायासन कधीच नव्हतं. तिथे मेक्सिकोच्या न्यायासनाचा एक प्रतिनिधी असायचा, त्याने आरोपी पकडून जहाजाने मेक्सिकोला धाडायचे. शिवाय स्पॅनिश वसाहतींत मूळ रहिवासी या न्यायासनाच्या कक्षेबाहेर होते. ती दयामाया नव्हती. ते नव्याने ख्रिस्ती झालेले, कच्चे, म्हणून त्यांना मोठ्यांचे नियम लावायचे नाहीत, असा तो हिशोब होता. मनिलातलं या यंत्रणेचं सगळ्यात गाजलेलं सावज कोण, तर स्वतः स्पॅनिश गव्हर्नर दिएगो दे साल्सेदो. 1668 मध्ये त्या प्रतिनिधीने त्याला अटक केली आणि मेक्सिकोच्या वाटेवर समुद्रातच तो मेला. पुढे मेक्सिकोच्या न्यायासनाने ती अटकच बेकायदा ठरवली.

चर्च आणि सरकार एकच असतं, तर असल्या घटनेचा अर्थ काय लावायचा?

इथेच फॉरवर्डचा मुख्य दावा येतो, आणि त्यासाठी जरा थांबायला हवं. कागदोपत्री राजाचा चर्चवर पुरता ताबा होता. बिशप कोण हे राजा सुचवायचा आणि पगारही राजाच्या तिजोरीतून जायचा. फॉरवर्ड लिहिणारा इथवर आला आणि थांबला. प्रत्यक्षात मनिलात निदान चार बाजू होत्या: गव्हर्नर, आर्चबिशप, धर्मसंघ आणि पुढे स्थानिक धर्मगुरू. त्या एकमेकींच्या उरावर बसलेल्या असत.

पहिले बिशप सालाझार हे डॉमिनिकन, आणि स्पेनचा इथल्या लोकांवर हक्क काय, हा प्रश्न त्यांच्या संघात मनिला पडण्याआधीपासून विचारला जात होता. 1582 मध्ये त्यांनी मनिलात धर्मसभा भरवली. तिथे चर्चेला काय होतं, तर स्पॅनिशांना या बेटांवर राज्य करायचा अधिकार कुठून येतो, गुलाम ठेवणाऱ्यांनी काय करायचं, आणि लुबाडलेलं परत द्यायचं की नाही. खंडणी वसूल करणाऱ्या जहागीरदारांशी आणि नंतर गव्हर्नरशी त्यांचं पटेना, म्हणून म्हातारपणी ते राजाकडे दाद मागायला स्पेनला गेले आणि 1594 मध्ये माद्रिदला वारले. त्यानंतर फिलिप दुसऱ्याने अन्यायाने घेतलेल्या खंडण्या परत करा आणि लोकांची संमती घ्या, असा हुकूम काढला. 1599 मध्ये लुझोनमधल्या गावोगावच्या प्रमुखांना बोलावून ‘आम्ही राजाला मानतो’ असं वदवून घेण्याचे सोहळे झाले. ती संमती किती खरी, हे सांगायला नको. पण जो बिशप राजालाच असा प्रश्न विचारायला लावतो, त्याला सरकारी बाहुलं म्हणणं अवघड आहे.

पुढची शंभरेक वर्षं तर तमाशाच आहे. 1635 मध्ये एका गोलंदाज सैनिकाने गुलाम स्त्रीचा खून केला आणि चर्चमध्ये आश्रय घेतला. गव्हर्नर कोर्क्वेराने त्याला बाहेर ओढून फाशी दिली. खुनी माणसासाठी कुणी गळा काढावा असं नाही. आर्चबिशप गेर्रेरोंचा आक्षेप होता तो चर्चचा आश्रयाचा हक्क मोडल्याला. वाद इतका चिघळला की शेवटी 1636 मध्ये आर्चबिशपच मारिवेलेसला हद्दपार झाले. 1683 मध्ये आर्चबिशप फेलिपे पार्दो यांचीही तीच गत झाली, फक्त ठिकाण लिंगायेन. 1719 मध्ये गव्हर्नर बुस्तामांतेने आर्चबिशप कुएस्तांना कैदेत टाकलं, तेव्हा जमाव राजवाड्यात घुसला. त्यात धर्मसंघांचे लोक होते. त्यांनी गव्हर्नरला आणि त्याच्या मुलाला मारलं, आणि कैदेतून सुटलेले कुएस्ता स्वतःच हंगामी गव्हर्नर झाले.

हंगामी गव्हर्नर होण्याची ही पद्धत मात्र फॉरवर्डच्या बाजूने जाते, ते मान्य करू. जागा रिकामी पडली की आर्चबिशप कारभार बघत. 1762 मध्ये इंग्रजांनी मनिला घेतली तेव्हा शरणागती पत्करणारे रोहो हे आर्चबिशपच होते. (इंग्रजांची ती मोहीम मद्रासहून निघाली होती आणि तिच्यात हिंदी शिपाई होते. त्यांतले काही जण परतले नाहीत. मनिलाजवळच्या काइंतात त्यांचे वंशज सांगितले जातात.)

आणखीही एक गोष्ट मान्य करावी लागेल, आणि ती फॉरवर्डमध्ये नाही. मनिलाच्या दरबारात चर्च आणि सरकार भांडत असले, तरी खेड्यात ते जवळजवळ एकच होते. अनेक गावांत आयुष्यभरात दिसणारा एकमेव स्पॅनिश माणूस म्हणजे धर्मसंघाचा फादर. कराच्या याद्या तपासणं, गावप्रमुखाच्या निवडीवर नजर ठेवणं, शाळा बघणं, सगळं त्याच्याकडे. या फादरना गव्हर्नर हलवू शकत नव्हता आणि आर्चबिशपही नाही. बिशप धर्मग्रामांची (पॅरिशांची) तपासणी करायला निघाले की संघ म्हणत, मग आम्ही गावंच सोडून जातो. सालाझारांपासून पुढे दोनशे वर्षं हीच धमकी चालली, कारण जागा भरायला दुसरे धर्मगुरू नव्हतेच. ज्या मोठ्या जमिनींवरून 1896 च्या क्रांतीत राग उसळला, त्याही प्रामुख्याने संघांच्या होत्या, महाधर्मप्रांताच्या नव्हेत. अमेरिकनांनी 1903 मध्ये सुमारे 72 लाख डॉलर मोजून त्या विकत घेतल्या.

भाषेबद्दलचा दावा तर नेमका उलटा आहे. गोव्यात व्हाइसरॉयने 1684 मध्ये कोकणीवर बंदी घालणारा हुकूम काढला होता, बहुधा तेच डोक्यात ठेवून हे लिहिलं असावं. मनिलाच्या 1582 च्या सभेने धर्मशिक्षण लोकांच्या भाषेत द्यायचं ठरवलं. 1593 मध्ये मनिलात छापलेल्या धर्मशिक्षणाच्या पुस्तकात मजकूर स्पॅनिशमध्ये आणि तागालोगमध्ये आहे, आणि तागालोग मजकूर तिथल्या जुन्या बायबायीन लिपीतही छापला आहे. फादर लोकांनी तागालोग, सेबुआनो, इलोकानो शिकून व्याकरणं रचली. आपल्याकडे गोव्यातल्या राशोलला फादर स्टीफन्स मराठीत ओव्या रचत होते, त्याच्या आसपासचाच हा काळ. बायबायीन पुढे वापरातून गेली, हे नुकसान खरं आहे. भाषा मात्र टिकल्या. राजाचे स्पॅनिश शिकवण्याचे हुकूम येत राहिले आणि संघ ते गुंडाळून ठेवत राहिले, कारण लोकांना स्पॅनिश आली की दुभाष्याची, म्हणजे फादरची, गरज संपणार.

त्यामुळे एकोणिसाव्या शतकातल्या फिलिपिनो सुधारकांची तक्रार ‘स्पॅनिश लादली’ अशी नव्हती, ‘आम्हाला स्पॅनिश शिकू देत नाहीत’ अशी होती. डिसेंबर 1888 मध्ये मालोलोस गावच्या वीस तरुणींनी गव्हर्नर वेलरच्या हातात अर्ज दिला, की आम्हाला स्पॅनिशची रात्रशाळा काढू द्या. गावच्या फादरने विरोध केला. तरीही शेवटी शाळेला परवानगी मिळाली, फक्त वर्ग दिवसा भरवायचा या अटीवर.

राहिला स्थानिक धर्मगुरूंचा मुद्दा. ‘एकही नाही’ हे चूक आहे. सतराव्या शतकाच्या अखेरीपासून स्थानिकांना दीक्षा मिळू लागली. 1767 मध्ये आलेल्या आर्चबिशप बासिलिओ सांचो यांनी संघांची मक्तेदारी मोडायला घाईघाईने इतक्या जणांना दीक्षा दिली, की ‘होड्यांना वल्हेकरी मिळेनात, सगळ्यांना आर्चबिशपनी फादर केलंय’ असा विनोद मनिलात फिरू लागला. घाईमुळे नव्या लोकांना शिक्षण धड मिळालं नाही, आणि संघांना पुढची शंभर वर्षं तेच बोट दाखवायला पुरलं. 1826 नंतर स्थानिकांच्या हातातले धर्मग्राम पुन्हा संघांकडे जाऊ लागले.

मग मनिलाजवळच्या कावितेच्या शस्त्रागारात बंड झालं आणि 17 फेब्रुवारी 1872 रोजी मारियानो गोमेझ, होसे बुर्गोस आणि हासिंतो सामोरा या तीन धर्मगुरूंना बागुंबायानच्या मैदानावर गळा आवळून मारण्यात आलं. तिघेही महाधर्मप्रांताचे, कुठल्या धर्मसंघाचे नव्हेत. त्यांची खरी मागणी धर्मग्रामांवर आपल्या लोकांना हक्क मिळावा एवढीच होती. आर्चबिशप मेलितोन मार्तिनेझ स्वतः स्पॅनिश. या धर्मगुरूंना असंच डावललं तर त्यांची स्पेनवरची निष्ठा उडेल, असं त्यांनी 1870 मध्येच माद्रिदला कळवलं होतं. आता सरकारने तिघांचा धर्मगुरूचा झगा आधी उतरवून द्यायला सांगितलं, तर त्यांनी ते नाकारलं. शिक्षेच्या वेळी चर्चच्या घंटा वाजवायला लावल्या. त्यांनी शिक्षा थांबवली नाही, थांबवण्याइतकी सत्ता त्यांच्याकडे नव्हती. पण ‘चर्चने मारलं’ म्हणताना कुठलं चर्च, हे सांगावं लागेल.

वरच्या पदांबद्दल मात्र फॉरवर्डवाल्याला हवी होती त्याहून जास्त सामग्री आहे. पहिला फिलिपिनो बिशप होर्खे बार्लिन, 1906 मध्ये, तोही मनिलाला नव्हे, नुएवा कासेरेसला. मनिलाच्या गादीवरून शेवटचे स्पॅनिश आर्चबिशप नोसालेदा उतरले, ते अमेरिकन सत्ता आल्यावर. त्यांच्या जागी कोण आलं? आधी अमेरिकन जेरेमाया हार्टी, मग 1916 पासून तेहतीस वर्षं आयर्लंडचे मायकेल ओ’डोहर्टी. पहिले फिलिपिनो आर्चबिशप गॅब्रिएल रेयेस यांची पाळी आली 1949 मध्ये, स्पेन जाऊन अर्धं शतक उलटल्यावर आणि देश स्वतंत्र झाल्यावरही तीन वर्षांनी. या शेवटच्या पन्नास वर्षांचं खापर स्पॅनिशांवर फोडता येत नाही.