खुलासा: यागो लामेलाचं ‘सुवर्ण’

‘स्पेनच्या यागो लामेलाने १९९९मध्ये सेव्हियात ८.५६ मीटर लांब उडी मारून जागतिक सुवर्ण जिंकलं’ हा मेसेज फिरतोय. मीही तो पुढे ढकलला होता, चूक माझीही.

स्पर्धेचं निकालपत्रक काढून पाहिलं. सेव्हियात ८.५६ची उडी क्यूबाच्या इव्हान पेद्रोसोची, सुवर्णही त्याचंच. लामेला ८.४०, रौप्य. घोळ आकड्याचा आहे: त्याच वर्षी मार्चमध्ये जपानच्या माएबाशीत, इनडोअर जागतिक स्पर्धेत, लामेलाने खरोखरच ८.५६ मारली होती. पण तिथेही पेद्रोसो ८.६२वर! सहा सेंटीमीटर, म्हणजे जेमतेम चार बोटं. २००३मध्ये बर्मिंगहॅमच्या इनडोअर जागतिक स्पर्धेत तर लामेलाचं सुवर्ण एका सेंटीमीटरने हुकलं.

लामेला २०१४मध्ये, ३६व्या वर्षी गेला. जुना मेसेज कृपया पुढे पाठवू नका. ग्रुपवर टाकला असेल तर डिलीट करा.