ऑसियनचा पहिला अल्बम आणि तयारी न मिरवण्याचे धाडस

स्कॉटलंडचे संगीत म्हटले की बहुतेकांच्या डोळ्यांसमोर किल्ट घातलेले पाइपवादक आणि ढोलांचा कडकडाट उभा राहतो, आणि आपल्या लष्कराच्या पाइप बँडांमुळे ही प्रतिमा अधिकच पक्की झाली आहे. ग्लासगोच्या 'ऑसियन' या गटाचा १९७७ मध्ये स्प्रिंगथाइम या छोट्या कंपनीने काढलेला पहिला अल्बम याच परंपरेची फार वेगळी, घरगुती बाजू ऐकवतो, आणि माझ्या मते पारंपरिक गटांच्या पदार्पणांमध्ये त्याची जागा बरीच वरची आहे.

बिली आणि जॉर्ज हे जॅक्सन बंधू, फिडलवादक (म्हणजे लोकसंगीतातले व्हायोलिन वाजवणारा) जॉन मार्टिन आणि गायक बिली रॉस असे हे चौघे. त्या सुमारास आयर्लंडच्या प्लँक्स्टी आणि बॉथी बँड या गटांच्या वेगवान वादनाने सगळ्यांनाच भुरळ घातली होती. अशा वेळी पहिल्याच अल्बममध्ये आपली तयारी दाखवण्याचा मोह कोणालाही झाला असता. या चौघांनी तो आवरला. बिली जॅक्सनचे क्लारसाख, म्हणजे गेलिक (स्कॉटलंडच्या डोंगराळ भागातल्या आणि बेटांवरच्या जुन्या भाषेच्या) परंपरेतले छोटे हार्प, या गटाच्या मधोमध असते, आणि त्याच्या तारांची आस विरत जाते तिथे फिडलचा लांबवलेला स्वर ती जागा भरून काढतो. स्कॉटिश फिडलवादक-संगीतकार स्कॉट स्किनरची स्पे नदीवरची संथ धून ऐकावी. नुसत्या फिडलवर ती सहज भावविवश होऊ शकते, इथे मात्र तिचा तोल सुटत नाही.

बिली रॉसचे गेलिक गायन हा माझ्या दृष्टीने अल्बमचा सर्वांत मोलाचा भाग आहे. स्कॉटलंडच्या उइस्ट बेटांपासून दुरावलेल्या माणसाचे गाणे तो इतक्या सरळ गातो, की भाषा न येणाऱ्यालाही त्यातले दुःख कळते आणि तरीही ते कुठे अंगावर येत नाही. त्या मानाने स्कॉट्स बोलीतली गाणी मला थोडी फिकी वाटतात.

गटात आयरिश इलन पाइप, म्हणजे तोंडाने न फुंकता कोपराने भाता दाबून वाजवायचे बॅगपाइपही आहेत, आणि शुद्धतावाद्यांना ते खटकू शकतील. पण ज्या गटाने नावच जेम्स मॅकफर्सन या स्कॉटिश लेखकाने १७६० च्या दशकात प्राचीन म्हणून खपवलेल्या कवीचे घेतले, त्याच्याकडून अस्सलपणाच्या दाखल्याची अपेक्षा तरी कशाला करावी? नंतरच्या काळातला 'सील साँग' (१९८१) अधिक सफाईदार आहे हे मान्य, तरी निवड करायची वेळ आली तर मी हा पहिलाच ठेवून घेईन.