‘युग’वरून ‘योक’? एका फॉरवर्डची झडती

योगदिन जवळ आला की एक मजकूर हमखास फिरू लागतो. त्याचं म्हणणं थोडक्यात असं: इंग्रजीतला ‘योक’, म्हणजे बैलांचं जू, हा संस्कृत ‘युग’वरून उचललेला शब्द आहे, म्हणून संस्कृत ही इंग्रजीची आई, आणि ‘योग’चा मूळ अर्थ आत्म्याचं परमात्म्याशी मीलन, जू-बैल वगैरे नंतरची घसरण.

नातं आहे, पण बहिणीबहिणींचं. जुवाला लॅटिनमध्ये ‘युगुम’, ग्रीकमध्ये ‘झुगोन’, हित्तीत, म्हणजे तुर्कस्तानातल्या एका प्राचीन भाषेत, ‘युगन’ म्हणत. ही सगळी एका जुन्या मूळ भाषेची वाटणी, आणि त्यात संस्कृतचा वाटा ‘युग’. इंग्रजीच्या शाखेत जुन्या ‘ग’चा ‘क’ होतो. लॅटिन ‘आगेर’ म्हणजे शेत, तर इंग्रजीत ‘एकर’. ‘योक’मधला ‘क’ तसाच आला. शिवाय इंग्रजांची व्यापारी कंपनी निघाली १६०० साली, आणि ‘योक’चं जुनं रूप त्याआधी किमान सहाशे वर्षं इंग्रजीत लिहिलेलं सापडतं. चोरी करायला चोर घरात तरी यायला हवा!

खरी उसनवारी कशी दिसते तेही बघता येतं. तुर्कस्तानात हित्तींच्या राजधानीच्या अवशेषांत मितन्नी या शेजारच्या प्राचीन राज्यातल्या किक्कुली नावाच्या अश्वशिक्षकाचा ग्रंथ मातीच्या पाट्यांवर मिळाला. काळ साधारण इ.स.पू. १४वं शतक. रथाचे घोडे कसे तयार करावेत हा विषय. मजकूर हित्ती, पण फेऱ्यांसाठी शब्द ‘अइकवर्तन्न’, ‘तेरवर्तन्न’, ‘पंजवर्तन्न’, ‘सत्तवर्तन्न’. एक, तीन, पाच, सात आणि ‘वर्तन’ कोणालाही ओळखू यावेत. संस्कृतच्या कुळातले शब्द परक्या भाषेत गेल्याचा एवढा पक्का पुरावा हाताशी असताना फॉरवर्डवाल्यांना तो कधी दिसत नाही, याचंच मला नवल वाटतं.

‘मूळ अर्थ मीलन’ हा दावा तर संस्कृतलाच मान्य होणार नाही. ऋग्वेदात ‘योग’ म्हणजे घोडे रथाला जुंपणं. ‘योगक्षेम’ ही जोडीही तिथलीच: योग म्हणजे जुंपून निघणं, क्षेम म्हणजे मुक्काम. गीतेतल्या ‘योगक्षेमं वहाम्यहम्’पर्यंत त्याचा अर्थ मिळवणं आणि राखणं असा झाला, आणि आज ते आयुर्विमा महामंडळाचं बोधवाक्य आहे. त्यातलं ‘वहामि’ही ओढून नेण्याचंच क्रियापद, बैलाला ‘अनड्वान्’ म्हणतात तो ‘अनस्’ म्हणजे गाडा वाहतो म्हणून. यज्ञवेदींच्या मोजमापाच्या शुल्बसूत्रांत ‘युग’ हे ८६ अंगुळांचं माप आहे, रथाच्या जुवाएवढं. वेदांगज्योतिष या कालगणनेच्या ग्रंथात तेच पाच वर्षांचं चक्र. कठोपनिषदात इंद्रियं घोडे, मन लगाम, आणि पुढे तिथंच इंद्रियं स्थिर धरण्याला ‘योग’ म्हटलंय. पतंजलीनंही मीलन म्हटलेलं नाही, ‘चित्तवृत्तिनिरोध’ म्हटलंय. त्याच्या योगसूत्रांवरचं व्यासभाष्य सरळ ‘योगः समाधिः’ सांगतं. पाणिनीय धातुपाठात, म्हणजे संस्कृत धातूंच्या यादीत, ‘युज्’ जोडण्याच्या अर्थी वेगळा आणि समाधीच्या अर्थी वेगळा नोंदलाय.

उरली घसरणीची तक्रार. मराठी माणसानं तरी ती करू नये. आपलं ‘जू’ ‘युग’मधून आलं आणि बैलाच्या गळ्याखालचं ‘जोतं’ ‘योक्त्र’मधून. ‘धुरंधर’ नेता म्हणून आपण ज्याला हार घालतो, तो शब्दही मुळात धुरेला जुंपलेल्या जनावराचाच.